पाठीमागून लावलेला रंग

तुम्हाला आठवतं का बघा, रविवारी सकाळी दूरदर्शनवर मोगली लागायचा, तेव्हा जंगलातला कुठला दगड आता गडगडणार आणि कुठली फांदी मोडणार हे आपल्याला आधीच कळायचं. कसं कळायचं ते सांगता यायचं नाही, पण त्या दाट हिरव्या-तपकिरी झाडोऱ्यात एखादीच फांदी जरा जास्त उजळ, जरा सपाट, कडेला काळी रेघ असलेली दिसायची, आणि घरात जो सगळ्यांत धाकटा असेल तो ओरडायचा, "ही पडणार!" आणि ती पडायची. 1993 सालची गोष्ट. पोहे ताटलीत निवत असायचे, शेरखानच्या तोंडून नाना पाटेकर गुरकावत असायचे, गुलजारांनी लिहिलेलं आणि विशाल भारद्वाजांनी चाल लावलेलं ते गाणं अख्ख्या वाड्याला पाठ झालेलं असायचं, आणि हे सगळं मुळात जपानमध्ये, निप्पॉन ॲनिमेशन नावाच्या कंपनीत, चारएक वर्षांपूर्वीच चितारून झालंय याचा कुणाला पत्ताही नसायचा. पत्ता लागून तरी काय झालं असतं? मोगली आपला होता.

जंगल कागदावर रंगवलेलं असायचं, पोस्टर कलरने, एकात एक रंग मिसळून, ओल्यावर ओलं. जी फांदी मोडायची ती मात्र वेगळ्या पारदर्शक फिल्मवर, सेलवर, रेघ उमटवून आणि आत एकसारखा रंग भरून त्या जंगलावर ठेवलेली असायची. जंगल एका माणसाच्या हातचं, फांदी दुसऱ्याच्या. ते दोन हात कधीच पुरते जुळायचे नाहीत, आणि त्या न जुळण्यातच आपल्याला पुढचं दिसून जायचं. आताच्या चित्रातली फांदी मोडेपर्यंत कळत नाही. माझ्या भाच्याला मी ही गंमत सांगितली तर त्याला ती गंमत वाटलीच नाही, कामातली कसर वाटली. बरोबरच आहे म्हणा त्याचं.

पुढे काही वर्षांनी, पुण्यात शिकलेल्या जपानीच्या जोरावर दुभाष्याचं काम करायला मी टोकियोला गेले आणि नेरिमा भागात एका घराच्या माडीवर राहिले. नेरिमा म्हणजे एकेकाळी मुळ्यांसाठी नावाजलेला भाग, अजूनही घराघरांमधून कोबीचे वाफे दिसतात, आणि त्याच वाफ्यांच्या पलीकडे ओइझुमीला तोएईचा स्टुडिओ, अलीकडे फुजिमिदाईला ओसामु तेझुकांनी काढलेला मुशी प्रॉडक्शन. जगभरातली पोरं ज्या चित्रांसाठी शाळेतून धावत घरी यायची, ती इथल्या गल्ल्यांमधून सायकलवरून, गाडीच्या डिकीतून, कागदात गुंडाळून इकडची तिकडे जायची. मी राहत होते त्या घराच्या मालकीणबाई माझ्या आईच्या वयाच्या. त्यांना काय म्हणायचं याचा मी फार विचार केला नाही, मनातल्या मनात मावशी म्हणायला लागले, आणि इथेही तेच म्हणते.

पहिल्या पावसाळ्यात, म्हणजे त्यांच्याकडच्या जूनमधल्या त्या चिकट, न थांबणाऱ्या पावसात, मला खालून एक वास यायला लागला. गोडसर, किंचित कडवट, नवीन रंगवलेल्या भिंतीचा असतो त्याहून हलका, आणि त्यात डासांच्या उदबत्तीचा धूर मिसळलेला. खाली डोकावले तर सहा तातामी चटयांएवढ्या त्या खोलीत खिडक्या घट्ट बंद, पंखा बंद, आणि मावशी एका तिरक्या काचेवर वाकलेल्या. काचेखाली ट्यूबलाइट. हातात पांढरे सुती मोजे, पण अंगठा, तर्जनी आणि मधलं बोट यांची टोकं कात्रीने कापलेली. भिंतीकडेने फळ्यांचा एक रॅक, आणि त्याच्या प्रत्येक फळीवर वाळत घातलेलं कुणाचं तरी डोकं, कुणाचा तरी हात, कुणाचा तरी अर्धा कुत्रा. आपल्याकडे बायका पापड लाटायला घरी नेतात आणि शेकड्यावर मजुरी घेतात ना, तसंच ते काम. दर नगामागे ठरलेले पैसे, रात्री गठ्ठा न्यायला येणारा स्टुडिओचा पोरगा, आणि दुसऱ्या दिवशी दुसरा गठ्ठा. त्या पोराला कायम घाई असायची. तो दारातच उभ्याने ओनिगिरी खायचा, नोरीचे तुकडे उंबऱ्यावर सांडायचा, आणि मावशी त्याच्यावर खेकसत त्याला जवाच्या थंड चहाचा दुसरा पेला भरून द्यायच्या.

मी तासन्‌तास बसून बघायचे. रंग ब्रशने फासायचा नसतो हे मला तिथे कळलं. ब्रशवर थेंब घ्यायचा, फिल्मवर सोडायचा आणि मग त्या थेंबाला हळूच ढकलत रेघेच्या काठापर्यंत न्यायचं, काठावर आणून थांबवायचं. तो पलीकडे गेला तर गेलं सगळं, अलीकडे राहिला तर उजेडात भोक दिसणार. काठाशी आल्यावर मावशींचा श्वास थांबायचा. माझाही थांबायचा. आणि हे सगळं पाठीमागून. रेघ समोरच्या बाजूला, रंग मागच्या बाजूला, त्यामुळे जे सगळ्यांत वर दिसायला हवं ते सगळ्यांत आधी लावायचं: डोळ्यातली चमक आधी, मग बुबुळ, मग पांढरं. पाठीकडून बघितलं तर काही कळायचं नाही, नुसते एकमेकांवर चढलेले जाडजूड डाग. वाळल्यावर मोज्यातल्या दोन बोटांनी कडेला धरून त्या तो ताव उलटायच्या, त्याचा चर्र असा बारीक आवाज व्हायचा, आणि एक मुलगी तुमच्याकडे बघून हसायची. कितीही वेळा पाहिलं तरी त्या उलटण्याच्या क्षणी मला आत कुठेतरी लकाकल्याचं वाटायचं.

रंगांना नावं नव्हती. छोट्या बाटल्या, झाकणावर एक अक्षर आणि एक आकडा. मूळ पेन्सिलचित्रावर प्रत्येक कप्प्यात तो आकडा लिहून आलेला असायचा, सावलीची हद्द रंगीत पेन्सिलीने आखलेली असायची. इतकी वर्षं हेच केल्यामुळे मावशी बाहेरच्या जगालाही आकड्यांनीच हाका मारायच्या. समोरच्या झाडावर शरदात पर्सिमन पिकले की चष्मा वर करून नंबर सांगायच्या. माझी अबोली साडी बघून त्यांनी दोन बाटल्या काढल्या, थेंब थेंब मिसळून बघितलं, मान हलवली आणि म्हणाल्या, "नाही. हा रंग आमच्याकडे नाही." इतकी कबुली त्यांनी माझ्या समोर दुसऱ्या कशाबद्दल दिल्याचं आठवत नाही.

त्यांच्याकडे नायक-नायिका फारशा यायच्याच नाहीत. यायची ती तोंडं. खरंच नुसती तोंडं. 1 जानेवारी 1963 ला तेझुकांचा ॲटम, तो लोखंडी पोरगा, टीव्हीवर दर आठवड्याला यायला लागला, तेव्हा एवढी चित्रं काढायला ना माणसं होती ना पैसा. मग सेकंदाला 24 चौकटी असल्या तरी चित्रं आठच काढायची, पात्र बोलत असेल तर अख्खा चेहरा तसाच ठेवून वर फक्त तोंडाचे सेल बदलायचे, असल्या काटकसरी त्यांनी रुळवल्या आणि पुढे सगळ्यांनी उचलल्या. बंद तोंड, अर्धं उघडं, पूर्ण उघडं. एवढ्या तीन तुकड्यांवर जपानने जगाला बोलतं केलं म्हणा ना. मोठ्या, कोऱ्या फिल्मच्या मधोमध एक नखाएवढं लाल तोंड, वरच्या कडेला तीन भोकं, मधलं गोल आणि बाजूची दोन लांबट, कोपऱ्यात पेन्सिलीने अक्षर आणि क्रमांक. असे ताव मावशींनी हजारोंनी केले असतील. कुणाची तोंडं होती ती, त्यांना पुष्कळदा माहीत नसायचं, आणि त्याचं त्यांना काही वाटतही नसे. "तोंड नीट असलं की झालं," त्या म्हणायच्या.

त्या हेवा करायच्या, आणि मानही द्यायच्या, तो एकाच बाईला: मिचियो यासुदा. 1958 साली तोएईत रंगकामाला लागलेली मुलगी, पुढे ताकाहाता आणि मियाझाकी या दिग्दर्शकांच्या चित्रपटांचे रंग ठरवणारी. युद्धात उघड्यावर पडलेल्या भावाबहिणीचा तो 1988 चा चित्रपट आहे ना, काजव्यांचा, त्यात माणसांच्या कडा काळ्या नाहीत, तपकिरी आहेत. मावशींनी मला टीव्हीजवळ नेऊन, बोट काचेला टेकवून ते दाखवलं होतं. काळी रेघ माणसाला चित्रातून वेगळं काढून उभं करते. तपकिरी रेघ त्याला मागच्या धुळीत, सांजेत थोडं विरू देते. त्या दोन लेकरांना इतकं मऊ धरलं होतं तर. मी तो चित्रपट त्याआधी रडत पाहिला होता, त्या दिवशी मात्र मावशींच्या बोटाकडेच बघत राहिले. त्याच वर्षी आलेल्या आकिरा या चित्रपटात 327 रंग वापरले होते, त्यातले 50 केवळ त्या चित्रपटासाठी घडवलेले, कारण तो बराचसा रात्रीचा. आणि रात्र, मावशींच्या मते, सगळ्यांत महागडी, सगळ्यांत चिकट, सगळ्यांत वेळ खाणारी.

कुठे कुठे गेली ही चित्रं! 1974 ची आल्प्समधली हायडी, ताकाहातांनी केलेली, जर्मनीत, स्पेनमध्ये, इटलीत तिथल्याच मातीतली होऊन बसली. 1978 मध्ये फ्रान्सच्या पोरांनी एका यंत्रमानवाला गोल्डोराक म्हणून डोक्यावर घेतलं. आणि आपल्याकडचा तो राम, युगो साको यांचा. उत्खननांवर माहितीपट करायला आलेला हा माणूस रामायणाच्या प्रेमात पडला. इथे विरोध झाला, सरकारी होकार मिळेना, तेव्हा मुंबईच्या राम मोहनना बरोबर घेऊन त्याने चित्रपट जपानमध्येच पुरा केला, 1992 साली, जवळजवळ एक लाख हाताने रंगवलेले सेल लावून. मावशींनी माझ्याबरोबर बसून तो पाहिला. मी डोळे पुसत होते, राम वनवासाला निघाला होता, आणि त्या पुटपुटत होत्या, "एवढे दागिने! एवढे दागिने! मान मोडली असेल गं बायकांची." तेव्हापासून मला दशरथाच्या दरबारात दागिनेच दिसतात. साको 2012 मध्ये गेले, राम मोहन 2019 मध्ये. 2025 च्या जानेवारीत तो चित्रपट झळझळीत करून पुन्हा आपल्या थिएटरांत लागला, तेव्हा माझ्या शेजारची मुलं हनुमानावर खूश होती आणि मी मुकुटावरचे मणी बघत होते.

मग ते काम थांबलं. कुणी येऊन सांगितलं वगैरे नाही. 1997 च्या सुमारास मोठ्या स्टुडिओंमध्ये संगणकावर रंग भरायला सुरुवात झाली. त्याच वर्षीच्या मियाझाकींच्या मोनोनोके या चित्रपटाला 1,44,000 सेल लागले होते, आणि 1999 मध्ये त्याच स्टुडिओचा पुढचा चित्रपट आला तो सेलवाचून. गठ्ठे आधी पातळ झाले, मग एक दिवसाआड यायला लागले, मग तो पोरगा यायचा बंद झाला. मावशींनी काही दिवस रोज संध्याकाळी बाटल्या हलवून ठेवल्या, रंग तळाशी बसू नये म्हणून. नंतर तेही सोडलं. खोलीच्या खिडक्या उघडल्या गेल्या, आणि उघडल्या की तिथून शेजारच्या कोबीच्या वाफ्याचा ओला, हिरवट वास यायचा, जो इतकी वर्षं तिथेच होता आणि घरात शिरलाच नव्हता.

मी भूतकाळाला ओवाळणाऱ्यातली नाही. मजुरी तुटपुंजी होती, माना आखडायच्या, रात्री जागून काढलेल्या असायच्या, आणि बरंचसं काम तर आधीच कोरियाला गेलं होतं. संगणकावर चुकलेला रंग एका टिचकीत पुसता येतो. मावशींना चुकलेला रंग वाळू द्यावा लागे, बांबूच्या टोकाने खरवडावा लागे, आणि खरवडताना रेघ तुटली तर अख्खा ताव बाद. हे गेलं ते बरंच झालं असंही मी कुणाशी भांडून सांगेन. पण चित्राला अंग होतं हो. जाडी होती. कॅमेऱ्याच्या काचेखाली तीन-चार सेल एकावर एक दाबले की वरच्या रंगाची पुसटशी सावली खालच्यावर पडायची. सगळ्यांत खालच्या मुलाचा सदरा किंचित मंद दिसायचा. कुठेतरी एक धुळीचा कण क्षणभर नाचून जायचा, आणि ती धूळ नेरिमाच्या कुठल्या तरी खोलीतली असायची, कुणाच्या तरी स्वेटरची, कुणाच्या तरी मांजराची. एखाद्या राक्षसाच्या डोळ्यांतून किंवा तलवारीतून प्रकाश फुटायचा तो तर रंगवलेला नसायचाच. काळ्या कागदात भोक कापून मागून खरा दिवा लावायचे आणि कॅमेऱ्यातल्या त्याच फिल्मवर दुसऱ्यांदा चित्र घ्यायचे. आपले डोळे दिपायचे ते खऱ्या उजेडानेच.

एकच मालिका मागे राहिली होती, साझाए-सान. माचिको हासेगावांच्या हास्यचित्रांवरची, 1969 पासून दर रविवारी संध्याकाळी साडेसहाला. ती संपते तेव्हा उद्या सोमवार याची जाणीव होऊन अख्ख्या जपानचं मन जरा खट्टू होतं, असं तिकडे सगळेच म्हणतात. हे एक घर तेवढं सेलवर टिकून राहिलं, 29 सप्टेंबर 2013 पर्यंत. मी तोवर पुण्याला परतले होते. पुढच्या रविवारी मावशींना फोन केला, त्यांच्या रात्री, आपल्या ऐन दुपारी. मागे भांड्यांचा आवाज येत होता. "कशी वाटली?" विचारलं. म्हणाल्या, "स्वच्छ. फार स्वच्छ." मग मला त्या मुळ्याच्या लोणच्याबद्दल सांगायला लागल्या, मीठ जास्त झालं म्हणून.

क्योतोची बातमी आली ती 2019 च्या जुलैत. क्योतो ॲनिमेशनची एक इमारत पेटवून दिली गेली, 36 माणसं गेली. त्याबद्दल मला लिहिता येत नाही, आणि लिहूही नये. इतकंच सांगते की ती कंपनी 1981 मध्ये सुरू झाली तेव्हा योको हात्ता नावाच्या बाईंनी, पूर्वी मुशीमध्ये रंग भरलेल्या, लग्न होऊन तिकडे गेलेल्या, शेजारपाजारच्या गृहिणींना जमवून सेल रंगवायला घेतले होते. मावशींना हे ठाऊक होतं. त्या दिवशी त्या फोनवर फार वेळ काहीच बोलल्या नाहीत, मग म्हणाल्या, "आमच्यातल्याच त्या," आणि फोन ठेवला.

मी टोकियोहून निघताना मावशींनी मला एक जाड लिफाफा दिला होता, तोंडांचा. पुण्याच्या हवेत तो माझ्या कपाटात राहिला, आणि एका उन्हाळ्यानंतर कपाट उघडलं की नाकात झोंबायला लागलं. धुणंभांडी करणाऱ्या बाईंनी विचारलं, "ताई, व्हिनेगरची बाटली फुटली का?" फुटली नव्हती. सेल ज्या ॲसिटेटचा असतो ते ओलाव्याने आणि उष्म्याने आंबायला लागतं, त्यातून तोच वास सुटतो, आणि बंद डब्यात ठेवलं तर आपल्याच वासाने आणखी आंबतं. कडा लाटांसारख्या उठतात, रंगाला भेगा जातात, कार्बनची रेघ फिकी होत होत नाहीशी होते. मी आता त्यांना मोकळ्या हवेत ठेवते, मध्ये घालायचे कागद बदलते, पावसात त्यांना माळ्यावरून खाली आणते. जगाच्या टीव्हीवर अजूनही ती चित्रं आहेत, पुन्हा धुऊन, पुसून, पूर्वीपेक्षा लखलखीत. ज्यावरून ती घेतली ते मात्र असं माझ्या, तुमच्या, कुणाकुणाच्या कपाटात विरघळतंय. मावशींना फोनवर सांगितलं होतं तर त्या हसल्याच. "कापसाचंच तर केलेलं असतं ते. आंबणारच."

त्या गेल्यावर त्यांच्या मुलीने माडीवरचं, खालचं सगळं आवरायला काढलं. तिचं घर लहान, सुट्टी थोडी. फडताळात अजून बरेच सेल निघाले, पण चेहरा असलेला एकही नाही, आणि नुसत्या तोंडांना विकत घेणारं किंवा मांडून ठेवणारं कोण? तिने मला विचारलं, पाठवू का. मी माझं कपाट आठवलं आणि थोडे पाठव म्हटलं. उरलेल्यांचं काय करायचं यावर आम्ही दोघींनी बराच वेळ घालवला, कारण तिकडे कचरा चुकीच्या पिशवीत घातला तर पिशवी दारातच चिठ्ठी लावून परत राहते. ते प्लॅस्टिकमध्ये धरायचे की जळणाऱ्या कचऱ्यात? तिने वॉर्डाचं पत्रक काढून वाचलं. पाठीला रंग लागलेला असल्यामुळे ते स्वच्छ प्लॅस्टिकमध्ये बसत नव्हते. म्हणून जळणाऱ्यात गेले. कचरा सकाळी आठच्या आत बाहेर ठेवायचा असतो, तेव्हा तिने रात्रीच सगळं भरून ठेवलं, आणि वास बाहेर येऊ नये म्हणून एका पिशवीवर दुसरी चढवून गाठ मारली.